डॅशबोर्डच्या कप्प्यातली पुस्तिका

"गाडीचा विमा आहे, कंपनीची वॉरंटी आहे, वर पैसे भरून एक्स्टेंडेड वॉरंटीही घेतली आहे. मग आता पुन्हा खिशात हात का घालायचा?"

हा प्रश्न मला वर्षातून चार-पाच वेळा तरी ऐकू येतो. कधी गणेशोत्सवात आरतीनंतर प्रसादाच्या रांगेत, कधी बायकोला हळदीकुंकवाला सोडायला गेलो असताना पार्किंगमध्ये. त्याचं कारण सोपं आहे. मी उस्मानिया विद्यापीठाचा मेकॅनिकलचा बीई, आणि नोकरी करतो गच्चीबावलीत सॉफ्टवेअरची. त्यामुळे याला गाडीतलंही कळत असणार आणि बारीक अक्षरातलं करारपत्रही वाचता येत असणार, असा आमच्या मंडळींचा समज आहे. गाडीचं जाऊ द्या, पण करारपत्र वाचणं हे खरंच माझं रोजचं काम आहे. सॉफ्टवेअरमध्ये कुठलंही काम हातात घेताना आम्ही आधी दोन याद्या करतो: यात काय येतं आणि यात काय येत नाही. दुसरी यादी जितकी स्पष्ट, तितकी नंतरची भांडणं कमी.

गाडीच्या वॉरंटीचंही अगदी तसंच आहे. फरक इतकाच, की शोरूममध्ये पहिली यादी आपल्याला हसतमुखाने वाचून दाखवतात आणि दुसरी पुस्तिकेत छापलेली असते. ती पुस्तिका आपण डॅशबोर्डच्या कप्प्यात टाकतो आणि गाडी विकेपर्यंत उघडत नाही.

ती उघडण्यापूर्वी एक गोष्ट डोक्यात पक्की असलेली बरी. गाडीचा खर्च तीन वाटांनी येतो. पहिली वाट आतली. पार्ट बनवताना किंवा जोडतानाच त्यात दोष राहिला आणि तो वेळेआधी बंद पडला. दुसरी वाट बाहेरची. कुणी धडक दिली, पाणी शिरलं, गाडी चोरीला गेली. तिसरी वाट वापराची. ब्रेक पॅड झिजले, टायर गुळगुळीत झाले, वायपरचं रबर कडक झालं. पहिल्या वाटेसाठी वॉरंटी असते, दुसरीसाठी विमा, आणि तिसरीसाठी आपलं पाकीट, किंवा वेगळे पैसे भरून घेतलेलं मेंटेनन्स पॅकेज. एक्स्टेंडेड वॉरंटी घेतली म्हणून या तीन वाटा एक होत नाहीत. तिने वाढते ती पहिल्या वाटेवरच्या पहाऱ्याची मुदत. काही योजनांत तर मूळ वॉरंटीत असलेले काही पार्ट वाढीव काळात गळलेले असतात. म्हणजे मुदत वाढते आणि व्याप्ती थोडी आक्रसते.

मुदतीचा हिशोबही नीट समजून घ्यावा. मारुती सुझुकीचं उदाहरण घेऊ, कारण आपल्याकडे त्याच गाड्या जास्त. जुलै २०२४ मध्ये या कंपनीने आपली मूळ वॉरंटी २ वर्षे किंवा ४०,००० किलोमीटरवरून ३ वर्षे किंवा १,००,००० किलोमीटर केली. पैसे भरून ती ६ वर्षे किंवा १,६०,००० किलोमीटरपर्यंत नेता येते. ऐकताना "सहा वर्षांची वॉरंटी" असं वाटतं, पण ही सहा वर्षं गाडी हातात आल्याच्या दिवसापासून मोजायची. पहिली तीन तुम्हाला तशीही मिळणारच होती. तुम्ही पैसे भरता ते चौथ्या, पाचव्या आणि सहाव्या वर्षाचे. आणि "किंवा" या शब्दापुढे "यातलं जे आधी होईल ते" हे असतंच. ज्याला दर पंधरा दिवसांनी कामासाठी सोलापूर-पुणे करावं लागतं, त्याचे किलोमीटर वर्षांच्या आधी संपतात. घरची गाडी फक्त देवळापुरती आणि भाजीपुरती निघत असेल, तर किलोमीटर शिल्लक असतानाच वर्षं संपतात.

हे "जे आधी होईल ते" वॉरंटीच्या मुदतीपुरतं असतं तर ठीक होतं. ते सर्व्हिसच्या वेळापत्रकातही असतं, आणि माझ्या काकांचं प्रकरण तिथेच अडलं.

काका बरकतपुऱ्यात राहतात. निवृत्त झाल्यावर त्यांनी एक छोटी गाडी घेतली आणि शोरूममधल्या मुलाने सांगितलं म्हणून चौथ्या-पाचव्या वर्षाची एक्स्टेंडेड वॉरंटीही घेतली. साडेचौदा हजार रुपये भरले. काकांची गाडी वर्षाला जेमतेम साडेतीन-चार हजार किलोमीटर चालते. पुस्तिकेत लिहिलं होतं, सर्व्हिस दर १०,००० किलोमीटरला किंवा दर १२ महिन्यांनी, जे आधी होईल ते. पहिली दोन वर्षं त्यांनी नियमाने केली. तिसऱ्या वर्षी त्यांनी विचार केला की गाडी कुठे चालली आहे एवढी? गल्लीच्या तोंडाशी पंचवीस वर्षांचा ओळखीचा मेकॅनिक, त्याच्याकडून ऑइल आणि फिल्टर बदलून घेतलं. बिल काही मागितलं नाही. ओळखीच्या माणसाकडे बिल कसलं मागायचं, ही त्या पिढीची रीत.

चौथ्या वर्षी ऐन मे महिन्यात गाडीचा एसी बंद पडला. सर्व्हिस सेंटरने तपासून सांगितलं, कॉम्प्रेसर गेला आहे, मजुरी आणि गॅस धरून सव्वीस हजार होतील. वॉरंटी लागू नाही, कारण तिसऱ्या वर्षीच्या सर्व्हिसची नोंद नाही. काकांना पैशांपेक्षा बोलणं लागलं. काउंटरवरच्या मुलाने त्यांना, "सर, तुम्ही गाडीची काळजीच घेतली नाही," असं सुनावलं होतं. काका गाडी रोज पुसणारे. मला फोनवर म्हणाले, "अरे, जाऊ दे, भरून टाकतो. आपलंच चुकलं असेल."

मी म्हटलं, "काका, भरायचे असले तर भरू. पण आधी ती पुस्तिका मला दाखवा."

पुस्तिकेत दोन वाक्यं होती, दोन वेगवेगळ्या पानांवर. एका पानावर होतं की ठरलेली देखभाल न केल्यामुळे झालेल्या बिघाडाला वॉरंटी लागू नाही. दुसऱ्या पानावर होतं की दावा करताना सर्व सर्व्हिसच्या नोंदी दाखवणं ग्राहकावर बंधनकारक आहे. वरवर पाहिलं तर दोन्ही एकच वाटतात, पण ती एक नाहीत. पहिलं वाक्य कारण विचारतं: हा बिघाड कशामुळे झाला? दुसरं फक्त कागद विचारतं. आता एसीचा कॉम्प्रेसर हा स्वतंत्र बंद यंत्रणेतला भाग आहे. त्याचं ऑइल वेगळं, ते गॅसबरोबर त्याच यंत्रणेत फिरतं. इंजिन ऑइल वेळेवर बदललं की नाही याचा कॉम्प्रेसरच्या आतल्या बिघाडाशी सरळ संबंध जोडता येत नाही. हे समजायला बीई असायची गरज नाही, पण काउंटरवर उभं राहून सांगायला थोडा धीर लागतो.

आम्ही भांडलो नाही. काकांच्या नावाने एक पानाचं पत्र लिहिलं आणि ईमेलने पाठवलं. त्यात दोनच गोष्टी मागितल्या. दावा कोणत्या कलमाखाली नाकारला ते कलमाच्या क्रमांकासह लेखी द्यावं, आणि चुकलेली सर्व्हिस व कॉम्प्रेसरचा बिघाड यांचा संबंध काय ते तांत्रिक अहवालात सांगावं. अडीच आठवडे गेले. मग फोन आला की कंपनी "गुडविल" म्हणून कॉम्प्रेसरची निम्मी किंमत सोसायला तयार आहे, उरलेली निम्मी, मजुरी आणि गॅस काकांनी भरावा. काकांनी ते मान्य केलं. मला पूर्ण रकमेसाठी पुढे जावंसं वाटत होतं, पण गाडी त्यांची आणि उन्हाळा हैदराबादचा. दुसऱ्या पानावरचं वाक्य आपल्या विरुद्ध होतं, हेही खरंच होतं.

ते पत्र लिहिताना मला एका निकालाचा आधार वाटला होता, तो आपल्या सगळ्यांना माहीत असायला हवा. शमशेर कटारिया यांनी २०११ मध्ये भारतीय स्पर्धा आयोगाकडे तक्रार केली होती, की कार कंपन्या सुटे भाग आणि दुरुस्तीची तांत्रिक माहिती खुल्या बाजारात येऊ देत नाहीत. २५ ऑगस्ट २०१४ रोजी आयोगाने १४ कंपन्यांना मिळून सुमारे २,५४४ कोटी रुपयांचा दंड ठोठावला. आपल्या दृष्टीने दंडापेक्षा त्या आदेशातला एक मुद्दा महत्त्वाचा आहे. ग्राहकाने बाहेरच्या गॅरेजमध्ये काम करून घेतलं एवढ्याच कारणावरून सरसकट वॉरंटी रद्द करता येणार नाही. बाहेरच्या सदोष कामामुळे जेवढं नुकसान झालं असेल, तेवढ्यापुरतीच ती नाकारता येईल. कंपन्यांनी या आदेशाला आव्हान दिलं, अपिलात काहींचा दंड कमी झाला आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं. त्यामुळे हा आदेश खिशात घालून वॉरंटीच्या काळात कुठेही सर्व्हिस करा, असं मी कुणाला सुचवणार नाही. पण त्यामागचं तत्त्व साधं आणि न्याय्य आहे. बिघाडाचं कारण दाखवा, मग नकार द्या.

आता त्या दुसऱ्या यादीकडे वळू. योजनेनुसार तपशील बदलतात, पण बहुतेक पुस्तिकांत वगळलेल्या गोष्टींचे गट तेच असतात.

पहिला गट झिजणाऱ्या वस्तूंचा. ब्रेक पॅड, ब्रेक शू, क्लच प्लेट, वायपर ब्लेड, बल्ब, फ्यूज, फिल्टर, ऑइल, कूलंट. इथे ऑटोमॅटिक गाडीवाल्यांची एक गल्लत होते. एएमटी गाडीत क्लचचं पेडल नसतं, पण क्लच प्लेट असते, आणि हायटेक सिटीच्या सायंकाळच्या ट्रॅफिकमध्ये ती झिजतेही. गिअर बदलणाऱ्या यंत्रणेत दोष निघाला तर तो सहसा वॉरंटीत येतो, झिजलेली प्लेट येत नाही. टायर आणि बॅटरी यांची वॉरंटी बहुधा त्या-त्या उत्पादकाची असते, तिचं कार्ड वेगळं सांभाळायचं.

दुसरा गट बाहेरून आलेल्या संकटांचा. १३ आणि १४ ऑक्टोबर २०२०चा पाऊस आपण कुणीच विसरलेलो नाही. टोलीचौकीच्या नदीम कॉलनीत कितीतरी गाड्या पाण्यात बुडाल्या होत्या. पाण्यात उभ्या राहिलेल्या गाडीला स्टार्टर मारला की सिलिंडरमध्ये पाणी ओढलं जातं, पाणी दाबलं जात नाही आणि आतला कनेक्टिंग रॉड वाकतो. हे नुकसान कुठल्याच वॉरंटीत येत नाही, कारण दोष गाडीचा नव्हे. साध्या विम्यातही इंजिनाच्या अशा नुकसानीवर वाद होतो. त्यासाठी विम्यात इंजिन प्रोटेक्शनचं वेगळं कव्हर घ्यावं लागतं. तेव्हा आपल्या शहरात एक्स्टेंडेड वॉरंटीआधी हा प्रश्न विचारा, आणि पाण्यात अडकलेली गाडी चालू न करता उचलून न्या. उंदरांनी कुरतडलेली वायरही याच गटातली. अपार्टमेंटच्या तळघरात गाडी लावणाऱ्यांना हे नव्याने सांगायला नको.

तिसरा गट आपण स्वतः केलेल्या बदलांचा. राणीगंजहून आणलेले जास्त उजेडाचे दिवे, बाहेरून बसवलेला स्क्रीन, नंतर लावलेला सीएनजी किट. मूळ वायर कापून जोड दिला असेल तर पुढे त्या भागातला कुठलाही इलेक्ट्रिकल दावा अडतो. खासगी नंबरची गाडी भाड्याने चालवली, तर तेही वगळलेलं असतं.

चौथा गट कुणाच्या लक्षात येत नाही. तो म्हणजे बिघाडामुळे होणारा पुढचा खर्च. पुण्याला जाताना उमरग्याच्या अलीकडे गाडी बंद पडली, तर खराब पार्ट फुकट बदलून मिळेल. पण ओढून नेण्याचं भाडं, पुढच्या प्रवासाची टॅक्सी, रात्रीचं हॉटेल हे वॉरंटी देत नाही. त्यासाठी रोडसाइड असिस्टन्स वेगळं लागतं. आणि पार्ट दुरुस्त करायचा की नवा बसवायचा हे कंपनी ठरवते. गाडी बदलून देण्याचं वचन त्यात नसतं.

इलेक्ट्रिक गाडी घेणाऱ्यांसाठी एक ओळ. अनेक कंपन्या मोठ्या बॅटरीला ८ वर्षे किंवा १,६०,००० किलोमीटरची वॉरंटी देतात. पण वयानुसार बॅटरीची क्षमता थोडी उतरणं हा दोष धरला जात नाही. क्षमता किती टक्क्यांच्या खाली गेली तर दावा लागतो, तो आकडा पुस्तिकेत शोधून ठेवा.

एवढं सगळं वगळलेलं असेल तर एक्स्टेंडेड वॉरंटी घ्यावी तरी का? माझं मत असं, की काही घरांनी जरूर घ्यावी. आजच्या गाडीत कॉम्प्युटर, सेन्सर, टर्बो, ऑटोमॅटिक गिअरबॉक्स अशा महाग आणि अचानक बंद पडणाऱ्या गोष्टी खूप आहेत, आणि त्याच नेमक्या पहिल्या वाटेच्या आहेत. अशी गाडी पाच-सहा वर्षं ठेवायची असेल आणि एकदम पन्नास-साठ हजारांचा खर्च घराचं गणित बिघडवणार असेल, तर भरलेले पैसे वाया गेले तरी झोप शांत लागते. साधं पेट्रोल इंजिन, मॅन्युअल गिअर, वापर कमी, आणि तीन-चार वर्षांत गाडी बदलायची असा बेत असेल, तर तेच पैसे बाजूला टाकलेले बरे. मध्येच गाडी विकायची झाली तर उरलेली वॉरंटी नव्या मालकाच्या नावावर होते का, त्याला फी किती, हेही आधीच विचारा. जुनी गाडी विकताना त्याची किंमत मिळते.

घेताना आणखी दोन प्रश्न. वचन कोण देतं आहे: कार कंपनी, विमा कंपनी, की डीलरने नेमलेली तिसरीच कुणी? पावतीवर आणि करारावर ज्याचं नाव, त्याच्याकडेच पुढे जावं लागणार. आणि दुसरा: देशात कुठल्याही अधिकृत सेंटरवर चालते का? आपली निम्मी सासुरवाडी लातूर-नांदेडकडे असते, तेव्हा हे महत्त्वाचं.

दावा नाकारला गेला आणि तो चुकीचा वाटला, तर गप्प बसायचं कारण नाही. ग्राहक चळवळ ही आपल्या मराठी माणसांनी वाढवलेली गोष्ट आहे. बिंदुमाधव जोशी यांनी १९७४ मध्ये पुण्यात ग्राहक पंचायत सुरू केली, ती देशभर गेली. आज ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५ आहे. तिथे तक्रार नोंदवली की ती कंपनीपर्यंत पोचवली जाते आणि बरीच प्रकरणं कोर्टाची पायरी न चढता मिटतात. नाही मिटलं तर जिल्हा ग्राहक आयोग आहे. ग्राहक संरक्षण कायदा २०१९ नुसार तुम्ही जिथे राहता किंवा नोकरी करता तिथल्या आयोगात तक्रार करता येते. म्हणजे गाडी पुण्यात घेतली आणि राहता कुकटपल्लीत, तरी पुण्याला खेटे घालावे लागत नाहीत. वकील लावलाच पाहिजे असं नाही, मात्र कारण घडल्यापासून दोन वर्षांच्या आत जायला हवं. आणि यातल्या प्रत्येक ठिकाणी पहिला प्रश्न एकच विचारतात: लेखी काय आहे? म्हणून नकार तोंडी घेऊ नका. जॉब कार्डची प्रत घ्या, जुना पार्ट दाखवा म्हणा, बाहेर काम केलं तर ओळखीच्या मेकॅनिककडूनही तारीख आणि किलोमीटर लिहिलेलं बिल घ्या. त्यात त्याच्यावरचा अविश्वास नसतो. उलट त्याचंच काम कागदावर येतं.

आपल्यापैकी बऱ्याच घरांत गाडी चालवतात आई-बाबा, सासू-सासरे, काका-काकू; आणि कागदपत्रं त्यांच्या पिशवीत असतात. त्यांनी आयुष्यभर माणूस बघून व्यवहार केला, आणि तसाच शोरूममध्येही केला. त्यांना शहाणपण शिकवायची गरज नाही. पुस्तिका मात्र आपण वाचून द्यायला हवी. या दसऱ्याला गाडीला हार घालून झाला की कप्पा उघडा. पहिल्या पानाच्या आत पेनाने तीन तारखा लिहा: मूळ वॉरंटी कधी संपते, वाढीव कधी संपते, पुढची सर्व्हिस कोणत्या तारखेच्या आत. त्या फोनच्या कॅलेंडरमध्येही टाका, त्यांच्या आणि आपल्याही. काकांच्या गाडीच्या तारखा आता माझ्या फोनमध्ये आहेत. पुढची सर्व्हिस १२ जानेवारीच्या आत. गाडी कितीही कमी चालली असली तरी.